हो, ‘मत्स्यगंधा’तली सत्यवती आणि सिनेमातली आजी एकच

तुमचा प्रश्न असा: ठाण्याच्या गडकरी रंगायतनला नाट्यसंगीताच्या कार्यक्रमात निवेदकाने ‘गर्द सभोवती रान साजणी’च्या मूळ गायिका म्हणून आशालता वाबगावकरांचं नाव घेतलं. घरी येऊन सांगितलंत तर आई म्हणाली, “अगं, ती तर हिंदी सिनेमातली आई!” मग आशालता दोन होत्या का? आणि एकच असली, तर नायिकेची आई झाली कशी?

एकच. मूळच्या गोव्याच्या, जन्म १९४१चा. धि गोवा हिंदू असोसिएशनने १९६४ साली वसंत कानेटकरांचं ‘मत्स्यगंधा’ हे संगीत नाटक रंगमंचावर आणलं. ‘गर्द सभोवती’ हे पद त्यातलंच, आणि त्यात त्या सत्यवती होत्या, म्हणजे जेमतेम तेविशीच्या. रामदास कामत पराशर आणि संगीत जितेंद्र अभिषेकींचं. संस्था, संगीतकार, नायक, नायिका सगळी गोव्याची मंडळी!

या चर्चेत एका सदस्याने लिहिलंय की संगीत नाटक मेलं म्हणून बिचारी पोटासाठी सिनेमात गेली. साल बघितलं तर हे गणित जुळत नाही. ‘मत्स्यगंधा’ हे शेवटच्या घटकेचं नाटक नव्हतं, उलट तिथून संगीत नाटकाला नवी पालवी फुटली. अभिषेकींनी पदं आटोपशीर केली, ताना मारत अर्धा तास रागविस्तार करायची जुनी चाल मोडली. पाठोपाठ १९६६ला ‘ययाति आणि देवयानी’ आलं, १९६७ला ‘कट्यार काळजात घुसली’. म्हणजे आशालताबाई बुडत्या बोटीत चढल्या नव्हत्या, भरतीच्या वेळी आल्या होत्या. ओहोटी नंतरची.

अडचण वेगळीच होती. संगीत नाटकाच्या नायिकेला सिनेमात तिच्या तोलाची जागाच नाही. नाटकात गाणं तिचं स्वतःचं असतं. सिनेमात गळा लतादीदींचा किंवा आशाताईंचा, नायिकेने फक्त ओठ हलवायचे. ज्या गुणावर बाईंचं नाव झालं, तो पडद्याला नकोच होता. त्यातून हिंदीत त्यांना ओळख मिळाली ती ऐन चाळिशीच्या तोंडावर. त्या वयाच्या बाईला तेव्हा (आणि आताही, कशाला खोटं बोला) कोण नायिका करणार?

मग गाणं वजा केल्यावर हातात उरलं काय? माझ्या मते, भरपूर. आपल्याकडे हौशी संगीत नाटकांच्या प्रयोगांना मी प्रॉम्प्टर म्हणून विंगेत उभा राहिलोय, त्यामुळे ही गोष्ट फार जवळून पाहिली आहे. पद सुरू व्हायच्या आधीचं गद्य वाक्य संपत आलं की ऑर्गनवाला त्याच्या खालून हळूच सूर देतो. नटीने वाक्य पुरतं बोलायचं, भाव सोडायचा नाही आणि तो सूर कानाने अलगद उचलायचा. नवखी असली की मान ऑर्गनकडे वळते, वाक्याचं शेपूट गिळलं जातं आणि सत्यवती जाऊन तिथे गाण्याच्या परीक्षेला बसलेली मुलगी दिसू लागते. वन्समोअर आला की आणखी पंचाईत, कारण आटलेला भाव पुन्हा पहिल्यापासून उभा करायचा. या तालमीतून गेलेल्या बाईला बोलता बोलता ऐकायची सवय लागते. समोरचा बोलत असताना ती मोकळी पडत नाही.

दुय्यम भूमिका म्हणजे तरी दुसरं काय असतं? घोडबंदर रोडच्या मालिकांच्या सेटवर आईची कामं करणाऱ्या एक ताई माझ्या ओळखीच्या आहेत. त्या हसत म्हणतात, “आम्हाला सीनमध्ये वाक्यं दोन आणि रिअॅक्शन बारा.”

आता सिनेमे. बासू चटर्जींचा ‘अपने पराये’ (१९८०) शरच्चंद्रांच्या ‘निष्कृति’वर आहे. शबाना आझमी, अमोल पालेकर, गिरीश कार्नाड, उत्पल दत्त अशी सगळी भारी नावं. त्यात आशालताबाई उत्पल दत्तांच्या बायको, घरातली थोरली सून. कोणी कान भरले की डळमळणारी, पण धाकट्या जावेवरची माया काही केल्या न सुटणारी. घर फुटतं की टिकतं हे या बाईच्या डळमळण्यावर ठरतं, म्हणून ही भूमिका मी दुय्यम मानतच नाही.

‘उंबरठा’ (१९८२) सगळ्यांनी स्मिता पाटीलसाठी पाहिलेला असतो, आणि ते योग्यच आहे. पण पुढच्या वेळी त्यातल्या जाऊबाईंकडे लक्ष ठेवा. सुलभा (स्मिता पाटील) नोकरीसाठी घर सोडून महिलाश्रमात जाते तेव्हा तिची लेक राणी ज्या निपुत्रिक जावेच्या पदरात राहते, त्या माया म्हणजे आशालताबाई. भूमिका फसवी आहे. जरा जास्त गोड केली की सुलभा निष्ठुर ठरते, जरा कडवट केली की ही खलनायिका होते, आणि दोन्हीकडून सिनेमाचा प्रश्नच सोपा होऊन जातो. बाईंनी दोन्ही टाळलं. मूल मिळाल्याचा आनंद आणि ते आपलं नाही ही जाणीव एकाच चेहऱ्यावर राहते. जब्बार पटेलांना नाटकवाल्यांची पारख होती म्हणतात ते उगाच नाही.

‘अंकुश’ (१९८६) मध्ये तर त्या आजी आहेत, वयाच्या पंचेचाळिशीत! ‘इतनी शक्ति हमें देना दाता’ ही प्रार्थना आपल्यापैकी निम्म्या जणांनी शाळेत म्हटली असेल. पडद्यावर तिथे ज्या आजी दिसतात त्या याच, आवाज मात्र सुषमा श्रेष्ठ आणि पुष्पा पागधरे यांचा. जिच्या गळ्यावर ‘मत्स्यगंधा’ उभं राहिलं तिच्या वाट्याला सिनेमात दुसऱ्यांच्या आवाजातली प्रार्थना आली. याबद्दल मला राग नाही, रीतच तशी होती, पण तुम्हाला दोन आशालता वाटल्या त्याचं कारण इथेच सापडतं.

बाकी हिंदी-मराठी मिळून सिनेमांची संख्या शंभरावर जाते. त्यात पदर डोळ्याला लावायच्या ठरीव आया पुष्कळ आहेत, त्या सगळ्या शोधत बसू नका.

त्या शेवटपर्यंत काम करत होत्या. ‘आई माझी काळूबाई’ या मालिकेचं चित्रीकरण साताऱ्यात चालू असताना त्यांना करोनाची लागण झाली आणि २२ सप्टेंबर २०२० रोजी त्या तिथेच गेल्या. वय ७९.

ऐकायचं असेल तर दोन पदं लागोपाठ ऐका. आधी ‘गर्द सभोवती’, शब्द बालकवींचे, चाल हलकी. मग ‘अर्थशून्य भासे मज हा कलह जीवनाचा’. आवाज तोच, पण दुसऱ्या पदात सगळं भोगून झालेली बाई गाते आहे असं वाटतं, आणि गाणारी तर तेव्हा विशीतलीच होती. पुढे आयुष्यभर प्रौढ बायका रंगवायच्या होत्या, त्याची तयारी मला तरी तिथे ऐकू येते. आईंनाही सोबत बसवा. आणि सोबतच्या कलाकारांवर त्यांनी लिहिलेलं पुस्तक आहे, नाव ‘गर्द सभोवती’च. दुकानात मिळालं नाही तर ठाणे स्टेशनजवळच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात विचारून बघा.