टेप लावलेली वायर आणि जिगसॉचे इतर प्रश्न

गणपती महिन्यावर आले की माझ्याकडे येणाऱ्या प्रश्नांची जात बदलते. एरवी ड्रिल आणि ग्राइंडर, आता जिगसॉ, म्हणजे उभं ब्लेड वर-खाली हलवून वळणं कापणारी विजेची करवत. २०१८ मध्ये राज्यात थर्माकोलवर बंदी आली तेव्हापासून घरोघरी प्लायची आणि एमडीएफची मखरं होऊ लागली, आणि कमान कापायला जिगसॉइतकं सोयीचं मशीन नाही. प्रश्न मात्र दरवर्षी तेच. म्हणून यंदा सगळ्यांना एकदमच उत्तरं देतो.

सनमायका लावलेल्या प्लायची कमान कापली, तर वरच्या कडेचे सगळे ढलपे उडाले. ब्लेड नवं होतं. मशीनचा दोष का? (कोथरूड)

मशीन बिचारं ठीक आहे. जिगसॉचं साधं ब्लेड वर येताना कापतं, म्हणून ढलपे वरच्या बाजूला उडतात. चांगली बाजू खाली ठेवा आणि आखणी मागच्या बाजूला करा. नक्षी डावी-उजवी वेगळी असेल तर आखतानाच उलटी काढा, नाहीतर मोराचं तोंड भिंतीकडे जाईल. चांगली बाजू वरच हवी असेल तर उलट्या दातांचं ब्लेड मिळतं, बॉशच्या क्रमांकात टी १०१ बीआर. ते मशीनला वर ढकलतं, त्यामुळे हात घट्ट लागतो. बारीक गोलाईला अरुंद ब्लेड घ्या, टी १०१ एओ. पेंड्युलमची कळ (ब्लेडला वर-खालीसोबत पुढे-मागेही झुलवणारी) शून्यावर ठेवा. ती ३ वर ठेवून सनमायका कापणारे लोक मला दर वर्षी भेटतात.

हॅकसॉचं तुटलेलं ब्लेड घासून जिगसॉला बसवता येतं असं ऐकलं. (हडपसर)

नाही. ज्यांनी सांगितलं त्यांची बोटं आधी मोजून घ्या.

मशीनची वायर मुठीजवळ तडकली होती. इलेक्ट्रिशियनने टेप गुंडाळून दिली, चार महिने चालतंय. हल्ली धातूच्या पट्टीला हात लागला की किंचित झिणझिण्या येतात. प्लगला दोनच पिना आहेत, म्हणजे अर्थिंग नाही, त्यामुळे असेल का? (सहकारनगर)

आधी प्लग काढा. मग पुढचं वाचा.

दोन पिना असणं हा दोष नाही. मशीनच्या पाटीवर चौकोनात चौकोन अशी खूण बघा. ती असेल तर मशीन दुहेरी इन्सुलेशनचं आहे, त्याला अर्थिंगची तार नसतेच. कुणी हौसेने तीन पिनांचा प्लग लावून तळाच्या पट्टीला अर्थिंग जोडून देतो म्हणाला तर त्याला चहा पाजून परत पाठवा. पण अशा मशीनला झिणझिण्या येतात याचा अर्थ आतलं इन्सुलेशन कुठेतरी हरलंय, किंवा आत ओलसर भुसा साठलाय. दोन्ही गोष्टी बाहेरून दिसत नाहीत.

आता वायर. माझ्या टेबलावर अशी मशीनं येतात तेव्हा टेप सोडवल्यावर आत काय दिसतं ते सांगतो. तांब्याचे केसासारखे धागे असतात, त्यातले बरेच तुटलेले, टोकं काळवंडलेली. उरलेल्या चार-पाच धाग्यांतून सगळा करंट जातो, ते तापतात, भोवतीचं प्लास्टिक करपतं आणि टेपचा डिंक वितळून बोटांना चिकटतो. टेपला ताण सोसत नाही. वायरचा ताण सोसायला आत एक पकड असते आणि बाहेर रबराची नळी. वायर तुटते ती नेमकी त्या नळीच्या तोंडाशी, कारण काम झालं की आपण ती मशीनभोवती करकचून गुंडाळतो. सैल वेटोळं करा, मशीनला गुंडाळू नका.

खरी दुरुस्ती सोपी आहे: खराब तुकडा कापून टाकायचा आणि नवं टोक रबरी नळीतून घेऊन पकडीखाली बसवायचं. वायर फार जुनी असेल तर अख्खी बदलायची. झिणझिण्या नसत्या तर एवढ्यावर भागलं असतं. तुमचं मशीन मात्र सर्व्हिस सेंटरला उघडून, इन्सुलेशन मोजून घ्या. चार महिने चाललं म्हणून पाचवा चालेल असं नाही.

आणि ‘घरात एमसीबी आहे’ हे उत्तर मला देऊ नका. एमसीबी वायरिंगला वाचवतो, तुम्हाला नाही. तो कित्येक अँपिअरवर पडतो, माणसाला त्याच्या शंभराव्या हिश्शानेही धोका होतो. माणसासाठी असतो तो ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी, करंट गळायला लागला की वीज तोडणारा. पेठांतल्या जुन्या वायरिंगमध्ये तो बहुधा नसतो, आणि नव्या फ्लॅटमध्ये असला तरी त्याचं टेस्टचं बटण कुणी दाबून बघत नाही. आजच दाबा. पडला नाही तर वायरमन बोलवा.

अजून दोन गोष्टी. ब्लेड फळीच्या खालूनही बाहेर येतं. वायर तिथे गेली की संपलं. मी स्वतः घरच्या मखराच्या कामात चालू वायर अशी कापली आहे, फटाका वाजला आणि दिवे गेले. तेव्हापासून वायर खांद्यावरून मागे सोडतो. दुसरी गोष्ट गुरुवारची, म्हणजे आपल्याकडे दुरुस्तीसाठी वीज जाण्याच्या दिवसाची. काम करताना वीज गेली, बटण लॉकवरच राहिलं, तुम्ही चहाला गेलात. वीज आली की मशीन टेबलावर आपलं आपण नाचायला लागतं. वीज गेली की आधी प्लग काढायचा.

मशीनच्या जाळीतून ठिणग्या दिसतात. घाबरावं का? (पिंपरी)

निळसर, बारीक, एकाच जागी असतील तर नाही. मोठ्या पिवळ्या, गोल फिरणाऱ्या, जोडीला जळका वास असेल तर मशीन बंद करा. बहुधा कार्बन, म्हणजे मोटरच्या फिरत्या भागाला घासत वीज पोचवणारे दोन तुकडे, झिजलेले असतात. ते जोडीनेच बदलायचे आणि त्या मॉडेलचेच घ्यायचे. ‘सगळ्याला बसतो’ म्हणून दिलेला कार्बन पॉलिश पेपरवर घासून बसवला की तो आर्मेचरच्या, म्हणजे त्या फिरत्या भागाच्या, तांब्याला खातो. मग किरकोळ खर्चाचं काम आर्मेचरवर जातं. ‘दिवाळीनंतर बघू’ म्हणणाऱ्यांची आर्मेचरं मी बदलली आहेत. नव्या कार्बननंतरही गोल ठिणग्या आल्या तर मशीन उघडून दाखवा.

ऑनलाइन १२०० वॉटचं जिगसॉ नामांकित ५०० वॉटच्या निम्म्या किमतीत आहे. घेऊ का? (वाकड)

वॉट छापायला शाई लागते, तांबं लागत नाही. घरकामाला खरे ५०० वॉट पुरतात. ते २३० व्होल्टवर जेमतेम सव्वादोन अँपिअर घेतात, तुमच्या साध्या सॉकेटला पेलतात. घेण्याआधी एकच विचारा: याचे कार्बन आणि स्विच पुण्यात कुठे मिळतील? विक्रेता गप्प बसला तर तुम्हीही गप्प घरी या.

जुन्या दाराचं दोन इंची सागवान कापलं. वरून रेष सरळ, खालून कट तिरका. (सदाशिव पेठ)

ब्लेड एकाच टोकाला धरलेलं असतं. तुम्ही ढकललं की खालचं टोक पळतं. नवं जाड ब्लेड लावा, पेंड्युलम कमी करा, ढकलणं थांबवा. ब्लेडमागचा रोलर ब्लेडला टेकतो का आणि पट्टी ब्लेडशी काटकोनात आहे का, हे गुण्याने बघा. तरीही दोन इंचात थोडं पळणारच. सरळ कट हवा असेल तर सर्क्युलर सॉ असलेल्या मिस्तरींकडे न्या. आणि जुन्या दारात खिळे असतात, आधी लोहचुंबक फिरवा.

तेल कुठे आणि कोणतं घालायचं? घरी खोबरेल आहे. (धायरी)

खोबरेल डोक्याला. रोलरला मशीन ऑइलचा एक थेंब, बाकी कुठेही नाही. गिअरचं ग्रीस सर्व्हिसिंगला बदलतात.

गच्चीवरच्या शेडचा जुना सिमेंटचा पत्रा जिगसॉने कापता येईल का? (येरवडा)

कापू नका. जुन्या सिमेंट पत्र्यात ॲस्बेस्टॉस असू शकतं, आणि त्याची धूळ फुप्फुसात गेली की परत येत नाही. कापडी मास्कने ती अडत नाही. पत्रा अख्खा उतरवून घ्या, तोही जाणकाराकडून.

रविवारी जुन्या बाजारात चांगल्या कंपनीचं जिगसॉ दिसलं. (कसबा पेठ)

तिथे प्लग लावून मिळणार नाही, म्हणून हाताने तपासा. ब्लेड लावून पुढे-मागे हलवा: दांडा खडखडला तर ठेवून द्या. कार्बनची टोपणं उघडून बघा, जाळीला नाक लावा, जळका वास लपत नाही. घेतलंत तर घरी आणून लगेच चालू करू नका, आधी कुणाकडून तरी उघडून बघून घ्या. आणि वायरीला टेप असेल तर भाव करायला थांबूच नका.