उलटे आकडे

पोरा,

परवा कुपवाडच्या टपरीवर तू म्हणालास, "काका, सुपरवायझर झालो खरा, पण मशीनचं सेटिंग सगळ्यांना शिकवलं तर मला कोण विचारणार?" चहा तसाच ठेवून मी उठलो, ते तुला लागलं असेल. तीस वर्षांपूर्वी हे वाक्य माझ्याच तोंडात होतं.

तुझ्या जागी उभा राहील असा माणूस तयार कर. मॅनेजमेंटचा कोर्स पुण्यात करायचा की कुठं, ते नंतर बघू.

माझ्याकडे लेथवर पंपाच्या केसिंगचं, म्हणजे बाहेरच्या कवचाचं, काम होतं. बिडाचं कास्टिंग, भिंत पातळ. चकमध्ये, म्हणजे लेथच्या पकडीत, जरा जास्त आवळलं की बोअर, आतलं भोक, मशीनवर गोल दिसायचा आणि जॉब सोडल्यावर लंबगोल निघायचा. किती आवळायचं, शेवटचा कट केवढा घ्यायचा, सगळं एका लाल डायरीत. डायरी डब्याच्या पिशवीत, पिशवी घरी. मला टायफॉईड झाला तेव्हा बारा दिवस केसिंग अडलं आणि साहेब फळं घेऊन मिरजेला घरी आले. केवढी ऐट वाटली होती! पुढच्या वर्षी सीएनसी आली, कॉम्प्युटरच्या प्रोग्रामवर चालणारी मशीन. ट्रेनिंगला गेला माझ्या हाताखालचा पोरगा. विचारायला गेलो तर साहेब म्हणाले, "तुम्हाला हलवलं तर केसिंग कोण काढणार?" रिटायर होईपर्यंत मी त्याच लेथवर.

लपवलं का म्हणशील, तर मला तरी कुणी शिकवलं होतं? उस्ताद टूल घासताना पाठ करून उभे राहायचे. त्यांनी टाकून दिलेली टूलं उचलून, बोटानं चाचपून मी अँगल चोरले. चोरून मिळवलेलं कुणी वाटतं का? आजही मला ते पुरतं चुकलं असं वाटत नाही. पण तुझं काय? प्रोग्राम मशीनच्या मेमरीत, एका पेनड्राइव्हवर मावतो. तू लपवणार काय, कप्पाळ? तुझ्याकडे उरलंय ते कानात आणि हातात: इन्सर्ट, म्हणजे टूलचं कापणारं टोक, झिजायला लागला की आवाज कसा बदलतो, ऑफसेट, म्हणजे मशीनला दिलेली टूलच्या मापाची दुरुस्ती, कधी हलवायचा. तेच दे. माणूस तयार कर.

औंधच्या पंतप्रतिनिधींनी दिलेल्या कुंडल रोड स्टेशनजवळच्या माळावर लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १९१० साली कारखाना हलवला. नुसता निवडुंग होता तिथं. तयार कारागीर कोण आणून देणार होतं? अनंतराव फळणीकरांसारखा शाळा सोडलेला माणूस तिथं इंजिनिअर झाला. आणि तू म्हणतोस, हल्ली चांगली पोरं मिळत नाहीत!

जुना ऑपरेटर ऐकत नाही ही तक्रार तर माझ्याकडे आणूच नकोस. आधी त्याच्याकडून शिक, मग तो ऐकेल. आणि त्या अप्रेंटिसच्या हातातला झाडू काढ. १९६१ चा कायदा त्याला काम शिकवायला झाला, फुकटचा हमाल पुरवायला नव्हे. सहा महिन्यांत तो एकटा मशीन सांभाळेल असं बघ. तुझ्या जागी माणूस हवा, हे कितीदा सांगू?

रविवारी घरी ये. डायरी देतो. कुणाच्या हाती लागली तरी कळू नये म्हणून आकडे मुद्दाम उलटे लिहिलेत, २५ असेल तिथं ५२. पण काही पानं घाईत सरळच लिहिली होती, आणि ती कुठली ते आता माझं मलाच लागत नाही. येताना वही घेऊन ये, दोघं बसू.

तुझा काका