बँकेत नोकरी की बँकांवर संशोधन?

नमस्कार.

मुलीने बँकेत लागावं की संशोधन करावं, असं तुम्ही पत्रात विचारलंय. ती बी.ए. अर्थशास्त्राच्या शेवटच्या वर्षाला आहे. बँका का बुडतात यावर तिला संशोधन करायचंय. तुम्ही मात्र ‘तू नुसती सही कर’ म्हणून तिच्याकडून बँक पीओच्या (प्रोबेशनरी ऑफिसर) परीक्षेचा फॉर्म भरून घेतलात आणि तेव्हापासून ती घरात बोलत नाही. तिच्या ६२ टक्के गुणांपेक्षा मला या सहीची जास्त काळजी वाटते. सज्ञान मुलीकडून अशी सही घेणं चूक आहे. परीक्षेला बसायचं की नाही, हे तिचं तिला ठरवू द्या. फीचे पैसे गेले तर जाऊ देत.

‘बँकेचीच आवड आहे ना, मग बँकेतच लाग’ हे तुमचं म्हणणं गैरसमजातून आलंय. शाखेतला अधिकारी एका कर्जदाराची जोखीम बघतो: पगार, तारण, सिबिल (आधीच्या कर्जफेडीवरून मिळणारे गुण). अर्थशास्त्रज्ञाचा प्रश्न वेगळा. डग्लस डायमंड आणि फिलिप डिबविग या अर्थशास्त्रज्ञांनी १९८३ मध्ये दाखवलं, की बँक ठेवी मागताक्षणी द्यायला बांधील असते, पण पैसा लांब मुदतीच्या कर्जांत अडकलेला असतो. ‘बाकीचे काढतायत’ एवढी शंका आली, की आपणही काढून घेणंच प्रत्येकाला शहाणपणाचं वाटतं आणि धडधाकट बँकही कोसळते. ठेव विम्यामुळे, म्हणजे बँक बुडाली तरी ठेव परत मिळण्याच्या हमीमुळे, ही घाई करायचं कारणच उरत नाही. २०२२ चं अर्थशास्त्राचं नोबेल त्या दोघांना बेन बर्नान्के या अर्थशास्त्रज्ञासोबत मिळालं. पुढच्याच मार्चमध्ये अमेरिकेतल्या सिलिकॉन व्हॅली बँकेतून ठेवीदारांनी एका दिवसात सुमारे ४२ अब्ज डॉलर काढायला घेतले. तिथे नुसती शंका नव्हती; बँकेने घेतलेल्या रोख्यांतला तोटा खराच होता आणि बहुतेक ठेवी विम्याच्या मर्यादेबाहेर होत्या. आपल्याकडे ही मर्यादा २०२० मध्ये एक लाखावरून पाच लाख झाली. ती किती असावी, याचं उत्तर काउंटरवर बसून मिळत नाही.

संशोधनाची वाट अशी: पदव्युत्तर शिक्षणासाठी पुण्याची गोखले इन्स्टिट्यूट, किंवा मुंबईत गोरेगावची इंदिरा गांधी विकास संशोधन संस्था, पुढे पीएच.डी.

आता मुलीशी बोलतो. बाळा, दहावीनंतर तू गणित सोडलंस, हे बाबांनी एका ओळीत उरकलंय. खरी अडचण तीच आहे. या विषयातला सिद्धांत गणितातच लिहिला जातो. कॅल्क्युलस, लिनिअर अल्जिब्रा आणि संभाव्यता यांना एक वर्ष दे, कॉलेजातल्या गणिताच्या सरांना गाठ. मग डायमंड-डिबविग यांचा मूळ लेख घेऊन त्यातली समीकरणं स्वतः कागदावर सोडव. त्यात रमलीस तर या संस्थांच्या प्रवेश परीक्षेला बस. कंटाळलीस, तर बँकांतलं जोखीम व्यवस्थापन हेही चांगलं काम आहे, आणि तिथे पीओ होऊनही पोचता येतं.