पुणे डिव्हिजनचा इतिहास लिहिताना

धरमपेठ, नागपूर

प्रिय बेटा,
अनेक आशीर्वाद.

ब्रिटिशांच्या हिंदी फौजेतल्या सहाव्या पुणे डिव्हिजनवरचा तुझा मसुदा वाचून झाला. विषय फार चांगला निवडलास. आपल्याकडे पानिपत तोंडपाठ असलेले लोक गल्लोगल्ली भेटतात. पण पहिल्या महायुद्धात 103, 110 आणि 117 या तीन मराठा पलटणी एकाच डिव्हिजनमध्ये होत्या, आणि आजच्या इराकमध्ये, टायग्रिसच्या काठी कुत गावात जवळजवळ पाच महिने तुर्कांच्या वेढ्यात अडकल्या होत्या, हे ठाऊक असलेला माणूस शोधावा लागतो. कामठीत छावणीच्या शेजारी वाढलेल्या मुलीला हे शोधावंसं वाटलं याचा मला मनापासून आनंद आहे. आता काय बदलायला हवं ते सांगतो.

तुझं लिखाण नकाशावरच्या बाणांसारखं झालं आहे. नोव्हेंबर 1914 मध्ये फाओला उतरले, बसरा घेतलं, डिसेंबरात कुर्ना, एप्रिल 1915 मध्ये शैबा, 3 जूनला अमारा, सप्टेंबरअखेर कुत, 22 नोव्हेंबरला बगदादच्या अलीकडे टेसिफॉन. तारखा बरोबर आहेत. पण फौज पुढे कशाच्या जोरावर गेली आणि कशामुळे अडली, हे त्यातून कळत नाही. मी उभी नोकरी सैन्याच्या पुरवठा खात्यात काढली, त्यामुळे मला डिव्हिजन दिसते ती अशी: रोज आटा, डाळ, तूप, मीठ, जळण, जनावरांचा दाणा-चारा, दारूगोळा आणि औषधं मागणारी हजारो माणसं आणि हजारो जनावरं. त्यांच्यापर्यंत हे सगळं पोचवणारी वाट जिथे संपते, तिथेच डिव्हिजनची ताकद संपते.

इथे ती वाट म्हणजे नदी. बसऱ्याहून बगदादपर्यंत धड सडक नव्हती, रेल्वे नव्हती. नदीच्या वाटेने अंतर 500 मैलांच्या वर, म्हणजे आपल्या नागपूरहून रेल्वेने मुंबईला जाण्याइतकं. एवढ्या लांबीवर उथळ, वळणावळणाचं पात्र, वाळूत रुतणारे बार्ज आणि मागणीच्या मानाने फारच थोड्या आगबोटी. मे 1915 च्या अखेरीस कुर्न्यापुढे सगळं पाण्याखाली असताना सैनिक शेकडो बलमांत, म्हणजे तिथल्या लांबट होड्यांत बसून, बांबूने त्या रेटत लढायला गेले. ते तू एका वाक्यात उरकलं आहेस. तिथे थांब. पायदळाच्या माणसाला होडी चालवायला शिकवावं लागलं, पुढच्या होड्यांना लोखंडी पत्रे ठोकावे लागले, यात त्या मोहिमेचं सगळं रूप दिसतं.

आणि मग टेसिफॉन. तिथे डिव्हिजनचे सुमारे 4,600 लोक मेले किंवा जखमी झाले. जखमींना नदीकाठी न्यायला स्प्रिंग नसलेल्या, खच्चरांच्या सामानाच्या गाड्या होत्या. मोडलेल्या पायाच्या माणसाला तशा गाडीत घालून मैलोन्‌मैल उघड्या रानातून नेलं, म्हणजे काय झालं असेल याचा विचार कर. पुढे त्यांना आगबोटींत कोंबून बसऱ्याला पाठवलं. मेजर कार्टर नावाचे डॉक्टर बसऱ्याच्या धक्क्यावर होते. येणाऱ्या बोटीच्या बाजूंवरून दोर लोंबताहेत असं त्यांना लांबून वाटलं. बोट जवळ आली तेव्हा कळलं की ती वाळलेली मानवी विष्ठा होती. जागचं हलता न येणारी माणसं कठड्याशी दाटीवाटीने पडलेली होती. कार्टरनी हे वर कळवलं, तर त्यांनाच अटकेची धमकी मिळाली. पुढे चौकशी आयोग बसला. 1917 मध्ये त्याचा अहवाल आला आणि लंडनच्या सरकारातले भारतमंत्री ऑस्टिन चेंबरलेन यांना राजीनामा द्यावा लागला. तुझ्या मसुद्यात कार्टर नाहीतच. डिव्हिजनचे सेनापती जनरल टाउनशेंड मात्र पानोपानी आहेत.

टाउनशेंडच्या स्वभावावर तू बरंच लिहिलं आहेस, त्यातलं पुष्कळसं काढून टाक. तो महत्त्वाकांक्षी होता हे खरं. पण बगदादकडे रेटणारा वरिष्ठ निक्सन होता, आणि बोटी-इस्पितळांवर खर्च करताना हात आखडता घेणारं हिंदुस्थान सरकार होतं. सगळं एका माणसाच्या डोक्यावर फोडलं की वाचकाला हायसं वाटतं, पण यंत्रणा सुटते.

टाउनशेंडला जिथे खरोखर जाब विचारायचा ती जागा वेगळी आहे, आणि माझ्या मते तुझ्या प्रकरणाचा कणा तीच असावी. टेसिफॉनहून माघार घेऊन डिव्हिजन कुतला थांबली आणि 7 डिसेंबर 1915 ला वेढा पूर्ण झाला. टाउनशेंडने कळवलं होतं की गोऱ्यांना पुरेल असा एका महिन्याचा आणि हिंदी सैनिकांना पुरेल असा दोन महिन्यांचा पूर्ण शिधा आहे. सुटकेसाठी येणाऱ्या जनरल एल्मरच्या फौजेवर या आकड्याची तलवार टांगली गेली. तुर्कस्तानातल्या गॅलिपोलीच्या आघाडीवरून मोकळ्या होणाऱ्या तुर्की फौजांची भीती होतीच. युनिट्स जशी उतरली तशी, तोफा आणि दवाखाने मागेच ठेवून, जानेवारीत शेख साद, वादी आणि हन्ना अशा तीन ठिकाणी लढवली गेली. 21 जानेवारीला एकट्या हन्नाला चिखलात आणि थंडीत सुमारे 2,700 माणसं गारद झाली. आणि त्यानंतर, 25 जानेवारीला, कुतमधून निरोप आला की गावातल्या घरांची झडती घेतली, धान्य सापडलं, अजून 84 दिवस काढता येतील!

ही झडती डिसेंबरात घेतली असती तर? इतिहासात ‘तर’ला जागा नाही असं तुझे प्राध्यापक म्हणतील. पण साठ्याची मोजणी हे वेढ्यातल्या सेनापतीचं पहिल्या दिवसाचं काम असतं, एवढं मी पुरवठ्यातला माणूस म्हणून ठासून सांगतो. कोठारात काय आहे हे माहीत नसताना पाठवलेल्या आकड्यावर बाहेर माणसं मरतात. कुतमधल्या सुमारे 13 हजारांना सोडवण्याच्या प्रयत्नांत शेवटी 23 हजारांच्या आसपास लोक मेले किंवा जखमी झाले.

आता घोड्याच्या मांसाबद्दल. तू लिहिलं आहेस की ‘धर्मभोळेपणामुळे हिंदी शिपाई उपाशी राहिले’. हे वाक्य खोडून टाक. हा गोऱ्या अधिकाऱ्यांच्या कागदांतला सूर आहे आणि तो जसाच्या तसा तुझ्या लेखणीत उतरला आहे. गोऱ्या सैनिकांनी घोड्याचं मांस जानेवारीअखेरपासून खाल्लं, बहुतेक हिंदी सैनिकांनी एप्रिलपर्यंत नाकारलं, हे खरं. पण त्या शिपायाच्या जागी उभी राहून पाहा. साताऱ्याकडच्या किंवा कोकणातल्या गावी परतल्यावर भावकी काय म्हणेल, पोरीचं लग्न जमेल का, हे प्रश्न त्याच्यासाठी गोळीइतकेच खरे होते. हिंदुस्थानातल्या धर्मगुरूंकडून परवानगीच्या तारा मागवाव्या लागल्या, यावरून सरकारलाही याचं वजन कळलं होतं हे दिसतं. परिणाम असा झाला की तूप संपलं, भाजी नाही, जवाची भाकर रोज लहान होत गेली आणि हिंदी पलटणींत स्कर्व्ही पसरला. हिरड्या सुजून रक्त यायचं, जुन्या जखमा उकलायच्या. अशा अवस्थेत माणसं खंदकावर पहाऱ्याला उभी राहत होती. 24 डिसेंबरला तुर्कांनी किल्ल्यावर हल्ला चढवला तेव्हा तो परतवणाऱ्यांत 103 मराठा होती. तुझ्या मसुद्यात तो हल्ला आहे, पलटणीचं नाव नाही.

त्या वेढ्यात लढणाऱ्यांखेरीज साडेतीन हजारांच्या आसपास फॉलोअर्स होते: भिश्ती, डोलीवाले, खच्चरवाले, स्वयंपाकी. शिवाय गावातले सुमारे सहा हजार अरब रहिवासी. त्यांची भूक कुठल्याच पलटणीच्या इतिहासात येत नाही. तुझ्या इतिहासात यावी.

शेवटचे दिवस लिहिताना घाई करू नकोस. एप्रिलच्या मध्यापासून विमानांतून पिठाची पोती टाकली जात होती. काही नदीत पडत, काही तुर्कांच्या हद्दीत. वेढ्यातल्या माणसांना हवेतून रसद पुरवण्याचा हा जगातल्या पहिल्या प्रयत्नांपैकी एक. 24 एप्रिलच्या रात्री जुलनार ही आगबोट 270 टन सामान घेऊन नदीतून घुसायला निघाली आणि वाटेत पकडली गेली. 29 एप्रिल 1916 ला कुत पडलं. टाउनशेंडला इस्तंबूलजवळच्या बेटावर आरामात ठेवलं गेलं. शिपायांना वाळवंटातून मोसुल, रास-अल-ऐनकडे चालवत नेलं आणि रेल्वेच्या कामाला जुंपलं. गोऱ्या शिपायांपैकी निम्म्याहून जास्त कैदेत मेले. हिंदी शिपाई आणि फॉलोअर्सही हजारोंनी मेले किंवा बेपत्ता झाले. सहावी डिव्हिजन त्या युद्धात पुन्हा उभी राहिली नाही.

आणि तुझं प्रकरण कुतच्या शरणागतीवर संपवू नकोस. मार्च 1917 मध्ये ब्रिटिश जनरल मॉडने बगदाद घेतलं, ते आधी बसऱ्याचं बंदर नीट करून, बोटी वाढवून, रूळ टाकून. तीच नदी आणि तोच शत्रू असताना, मधल्या काळात काय बदललं, हे सामानाच्या हिशेबात दाखव.

कागदपत्रांचं म्हणशील तर ब्रिटिश अधिकाऱ्यांच्या आठवणींवर फार विसंबलीस. राष्ट्रीय अभिलेखागाराच्या ‘अभिलेख पटल’ या संकेतस्थळावर सैनिकी खात्याच्या फायली घरबसल्या वाचता येतात. चौकशी आयोगाचा अहवाल पूर्ण वाच, उताऱ्यांवर भागवू नकोस. पलटणींच्या युद्ध-दैनंदिन्यांत लढाईचा दिवस वाचून झाला की मागचे-पुढचे कंटाळवाणे दिवसही वाच. शिधा कमी केल्याची नोंद तिथेच मिळते.

नावांचं काम सर्वांत अवघड आहे. बसऱ्याच्या युद्धस्मारकावर गोऱ्या शिपायांची नावं कोरली, हिंदी शिपायांचे मात्र पलटणवार नुसते आकडे. अधिकाऱ्यांची तेवढी नावं आहेत. त्यामुळे नावं तुला आपल्याकडच्या गावांतून गोळा करावी लागतील. या पलटणींतली बहुतेक मुलं सातारा, कोल्हापूर, रत्नागिरीकडची, विदर्भातली नव्हेत. तेव्हा नागपुरात बसून हे होणार नाही. गावोगावी ‘या गावातून इतके गेले, इतके परतले नाहीत’ अशा पाट्या आहेत. साताऱ्याजवळच्या अपशिंगे मिलिटरीपासून सुरुवात कर. गेल्यावर आधी चावडीवर आणि देवळात विचार, जुन्या पेन्शनचे कागद कुणाच्या पेटीत आहेत का ते बघ, मगच कॅमेरा काढ. दिवाळीनंतर जा, पावसाळ्यात कागद कुणी बाहेर काढत नाही.

मसुदा समासात पेन्सिलने खुणा करून कुरिअरने परत पाठवतो आहे. पुढचा मजकूर आणशील तेव्हा सोबत दोन तक्ते हवेत: महिन्यागणिक बसऱ्याहून वर जाऊ शकणारं सामान, आणि कुतमध्ये माणशी मिळणारा शिधा, गोऱ्यांचा वेगळा, हिंद्यांचा वेगळा. ते दोन कागद समोर ठेवून आपण बोलू. रविवारी सकाळी ये, काकूला आधी फोन कर.

तुझा,
काका