झेंडा आणि चिन्हांमुळे लोकांत राष्ट्रीय ओळख खरंच घडते का?

हो, घडते, पण झेंडा नुसता फडकावून नाही. त्याच्यासाठी कुणीतरी काही सोसलेलं असतं म्हणून. आमच्या खान्देशातच याचा ठसठशीत दाखला आहे. ९ सप्टेंबर १९४२ ला नंदुरबारमध्ये मिरवणुकीवर पोलिसांनी गोळीबार केला, त्यात हातात तिरंगा घेतलेला शिरीषकुमार मेहता हा शाळकरी मुलगा आणि त्याचे चार साथीदार हुतात्मा झाले. शिरीषकुमार घरात गुजराती बोलणारा, निशाण झुकणार नाही ही त्याची घोषणाही गुजरातीतच. आणि गाव कसं? मराठी, अहिराणी, भिली, गुजराती सगळं एकाच बाजारात ऐकू येणारं. एवढ्या बोलींच्या लोकांना आपलं म्हणता येईल असं त्या दिवशी जे होतं, ते कापड होतं. चिन्हाची ताकद मला इथे सगळ्यात स्पष्ट दिसते: भाषा, जात न विचारता ते हातात घेता येतं.

चिन्ह बदललं तरी ही ओळख टिकते, हेही लक्षात घ्या. १९४२ च्या तिरंग्यावर चरखा होता; २२ जुलै १९४७ ला संविधान सभेने त्याजागी अशोकचक्र घेतलं. तरी नंदुरबारकरांसाठी झेंडा तोच राहिला.

एक मात्र आहे: झेंडा ही ओळखीची सुरुवात नव्हे. १८५८ मध्ये खाज्या नाईकांचे भिल्ल सातपुड्यात अंबापाणीला इंग्रजांशी लढले, तेव्हा तिरंगा जन्मलाही नव्हता.