जुन्या रॅपचा आवाज नव्या बीटवर चढवण्याला काही सांस्कृतिक अर्थ आहे, की तो निव्वळ आळशीपणा?

आळशीपणा भरपूर आहे, नाही कशाला म्हणू? पण ही खोड हिप-हॉपला बाहेरून लागलेली नाही. बारा इंची रेकॉर्डवर मूळ गाण्याबरोबर बऱ्याचदा नुसतं संगीत किंवा नुसता आवाज, म्हणजे अकापेला, वेगळा दिलेला असायचा. डीजेंनी त्याच्याशी खेळावं म्हणूनच. अमेरिकन रॅपर जे-झीच्या २००३च्या 'द ब्लॅक अल्बम'चाही अकापेला रीतसर बाजारात आला होता.

तो घेऊन डेंजर माउस या संगीत निर्मात्याने २००४ साली 'द ग्रे अल्बम' केला. संगीत सगळं बीटल्सच्या १९६८च्या 'व्हाइट अल्बम'मधून कापून जोडलेलं. त्यातलं 'डिसेंबर फोर्थ' ऐकाच. जे-झीची आई त्यात स्वतः बोलते, लेकाच्या जन्माची आठवण सांगते. मूळ गाण्यात तिच्यामागे भारदस्त सोल संगीत आहे, इथे बीटल्सच्या 'मदर नेचर्स सन'ची हलकी गिटार. शब्द तेच, पण आता ती आपल्याशेजारी बसून बोलतेय असं वाटतं. बीटल्सच्या रेकॉर्डिंगचे हक्क असलेल्या ईएमआय कंपनीने अल्बम थांबवण्याची नोटीस धाडली, तर २४ फेब्रुवारी २००४ला कित्येक वेबसाइट्सनी निषेध म्हणून तो फुकट वाटला. सोवळ्यात ठेवलेले बीटल्स रॅपसाठी कच्चा माल झाले, मला अर्थ दिसतो तो इथे.

उलटंही होतं, अर्थ हरवतोही. रन-डीएमसी या रॅप गटाचं 'इट्स लाइक दॅट' १९८३चं, बेकारी आणि महागाईवरचं. जेसन नेव्हिन्स या डीजेने त्याला हाउसचा, म्हणजे क्लबात नाचायच्या इलेक्ट्रॉनिक संगीताचा, ठेका दिला आणि १९९८ला ते ब्रिटनमध्ये सहा आठवडे पहिल्या क्रमांकावर होतं. डान्स फ्लोअरवर बेकारी कोणाला ऐकू जाणार! तरी त्या निमित्ताने कित्येक पोरांनी रन-डीएमसी पहिल्यांदा ऐकले असणार, म्हणून मी त्यावर फार चिडत नाही.

चिडतो ते रॅपर तुपाकच्या 'लॉयल टू द गेम'वर. तुपाक गेला १९९६ला, अल्बम आला २००४ला, निर्माता रॅपर एमिनेम. आवाजाची गती आणि पट्टी बदलली, इतकं चाललं असतं. पण तुकडे जोडून त्याच्या तोंडी जी-युनिट या रॅप गटाचं नाव घातलंय, जे त्याच्या हयातीत अस्तित्वातच नव्हतं. ही शुद्ध लबाडी आहे. आता त्याच अल्बममधलं एल्टन जॉनचे सूर घेतलेलं 'गेटो गॉस्पेल' मला मनापासून आवडतं, त्याला काय करणार!