शेतातून गॅसची पाइपलाइन गेलेली स्वस्त जमीन: निवृत्तीचे पैसे घालावेत का?

प्रश्न नाशिकच्या सिडकोतून आला आहे. वाचक अंबडच्या एका कारखान्यातून 60व्या वर्षी निवृत्त झाले. फंड, ग्रॅच्युइटी आणि साठवलेले मिळून हातात 52 लाख. पेन्शन साडेतीन हजार, घर स्वतःचं, कर्ज नाही, महिन्याचा खर्च 32 हजार. सिन्नर तालुक्यात दोन एकर जमीन 34 लाखांना मिळते आहे. आजूबाजूला एकरी 22 लाखांचा भाव चालू आहे. ही स्वस्त, कारण शेतातून गॅसची पाइपलाइन गेली आहे. एजंट म्हणतो, "गॅस आला की कारखाने आले, पाच वर्षांत दुप्पट." भाचा म्हणतो, "मामा, जमीन राहू द्या, त्या गॅस कंपनीचेच शेअर घ्या." पुढच्या आठवड्यात इसार द्यायचा आहे.

आधी माझं मत सांगतो: ही जमीन घेऊ नका. निफाडच्या वडिलोपार्जित सातबाऱ्यावर तुमचं नाव आहे, पण वाट्याला चार गुंठेही येत नाहीत, ही सल तुम्ही पत्रात दोनदा लिहिली आहे. ती मला कळते. म्हणूनच नुसतं 'नको' म्हणून थांबत नाही.

पाइपलाइनसाठी सरकार सहसा जमीन विकत घेत नाही, फक्त वापराचा हक्क घेतं. हे सगळं 1962च्या पेट्रोलियम आणि खनिज पाइपलाइन कायद्याखाली चालतं. मालकी शेतकऱ्याचीच राहते, पण ठरावीक रुंदीच्या पट्ट्यात बांधकाम करता येत नाही, विहीर, तळं किंवा बंधारा घेता येत नाही, झाड लावता येत नाही. भरपाई म्हणून कायद्यात बाजारभावाच्या 10 टक्के रक्कम धरली आहे, शिवाय पिकाचं नुकसान झालं असेल तर ते वेगळं. आता नीट लक्षात घ्या: ते पैसे आजच्या मालकाला मिळून गेले. तुमच्या वाट्याला भरपाई येणार नाही, फक्त बंधन येईल, आणि ते तुमच्या मुलांपर्यंत जाईल.

तुम्ही पाठवलेल्या नकाशावरून हिशेब केला. पट्टा 20 मीटर रुंद आणि शेतातून साधारण 90 मीटर लांब, म्हणजे 1,800 चौरस मीटर, जवळपास 18 गुंठे. ऐंशीतले 18 गेले, मोकळे राहिले 62. आजूबाजूच्या भावानं गुंठा 55 हजाराला पडतो, म्हणून 62 गुंठ्यांचे झाले 34 लाख 10 हजार. विकणारा तुम्हाला सवलत देत नाहीये. पट्ट्याची किंमत शून्य धरून बाकीची जमीन तो पूर्ण भावानं विकतो आहे. याला लबाडी म्हणणार नाही, पण 'दहा लाख वाचले' हा आनंद मात्र खोटा आहे.

त्यातही पट्टा कुठून जातो ते बघा. बांधाच्या कडेनं गेला असता तर मी थोडा मऊ झालो असतो. इथे तो शेत कापतो: रस्त्याकडेला 14 गुंठे, मागे 48. फार्महाउस, बोअर, शेततळं यांतलं जे काही करायचं ते मागे, आणि तिथे विटांचा ट्रक किंवा जेसीबी न्यायचा तर पाइपवरूनच न्यावा लागणार. त्यासाठी दर वेळी कंपनीची परवानगी. कांदा, गहू, सोयाबीन पट्ट्यावर घेता येतं. पण द्राक्षबागेचं तुमच्या मनात आहे, तर मांडवाचे अँगल पुरायला आणि वेली लावायला पट्ट्यात चालेल की नाही, हे कंपनीकडून लेखी घेतल्याशिवाय धरून चालू नका. एजंटच्या तोंडी हमीला इथे काडीचीही किंमत नाही.

आणखी एक शंका: शेतातली वाहिनी गॅसचीच आहे का? मुंबई–नागपूर गॅसवाहिनी बऱ्याच अंतरात समृद्धी महामार्गाच्या हद्दीतल्या पट्टीतूनच नेली आहे. त्याशिवाय आपल्या जिल्ह्यातून मुंबई–मनमाड ही पेट्रोल-डिझेलची वाहिनीही जाते, पानेवाडीच्या डेपोला येणारी. तुमच्या गटात नक्की कोणती आहे? सातबाऱ्यावर 'इतर हक्क' रकान्यात काय लिहिलंय ते वाचा, तो फेरफार काढा, शेतातल्या खुणेच्या खांबावर कंपनीचं नाव असतं ते बघा.

आता 'गॅस आला की भाव वाढतो'. इथे दोन वेगळ्या जाळ्यांची गल्लत होते आहे. तुमच्या शेताखालची असते ती मुख्य वाहिनी: पोलादी पाइप, प्रचंड दाब, शेकडो किलोमीटरचा प्रवास. तिला मधेच तोटी लावून कोणाला गॅस घेता येत नाही. गावात गॅस पोचवणारी कंपनी वेगळी, तिचा परवाना वेगळा. मुख्य वाहिनीवरच्या ठरलेल्या स्टेशनवर ती गॅस घेते, दाब टप्प्याटप्प्यानं उतरवते आणि शेवटी प्लास्टिकच्या पाइपातून सोसायटीत आणते. नाशिक शहरात हे काम महाराष्ट्र नॅचरल गॅस करते, आणि इथलं जाळं सुरुवातीला टँकरनं आणलेल्या द्रवरूप गॅसवर उभं राहिलं. कारखाना येतो तो एमआयडीसी, रस्ता, पाणी, वीज बघून. खालून पाइप गेला म्हणून तुमच्या दोन एकरांना कारखानदार जास्त पैसे देणार नाही. उलट बांधकाम होत नाही म्हणून कमीच देईल.

एवढं सगळं बाजूला ठेवलं तरी महिन्याचा हिशेब जमत नाही. जमीन 34, आणि मुद्रांक, नोंदणी, मोजणी, वकील मिळून आणखी दोनेक लाख. उरले 16 लाख. ते ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत टाकले तर 8.2 टक्क्यांनी महिन्याला 11 हजाराच्या आत व्याज. पेन्शन मिळवून साडेचौदा हजार. खर्च 32 हजार. पहिल्या महिन्यापासूनच मुद्दल खायला लागाल, आणि अडीअडचणीला दोन एकर काही आठवड्याभरात विकले जात नाहीत.

जमीन न घेता 30 लाख, म्हणजे योजनेची कमाल मर्यादा, तिथे ठेवले तर तिमाहीला 61,500 रुपये, महिन्याकाठी 20,500. तुमच्या आणि वहिनींच्या संयुक्त नावावर पोस्टाच्या मासिक उत्पन्न योजनेत 12 लाख, 7.4 टक्क्यांनी 7,400. पेन्शन धरून 31,400 झाले. हे दर सरकार तिमाहीला जाहीर करतं, म्हणून खातं उघडण्याच्या दिवशीचा दर बघून घ्या. उरलेल्या 10 लाखांतले चार बँकेत मोडता येईल अशा ठेवीत, दवाखान्यासाठी. पाच लाख दोन इंडेक्स फंडांत, म्हणजे शेअर बाजाराच्या निर्देशांकातल्याच कंपन्यांचे शेअर घेणाऱ्या फंडांत, दीड-दोन वर्षांत हप्त्यानं. एक लाख भाच्याच्या सल्ल्यासाठी.

हो, एकच लाख. भाचा म्हणतो ती गॅस कंपनी म्हणजे 'गेल' (GAIL): 1984 साली स्थापन झालेली सरकारी कंपनी, देशातलं गॅसवहनाचं सर्वात मोठं जाळं तिचं. वाहिनीचं भाडं नियामक मंडळ ठरवतं, गुंतवलेल्या भांडवलावर कर भरून 12 टक्के परतावा धरून. हा भाग मला आवडतो, कारण तो बराचसा स्थिर आहे. पण भाचा समजतो तशी ही नुसती पाइपाचं भाडं खाणारी कंपनी नाही. ती गॅसची खरेदी-विक्री करते, उत्तर प्रदेशात पाता इथे प्लास्टिकचा कच्चा माल बनवते, आणि तिथले चढउतार नफ्यात उतरतात. 2022 मध्ये रशियन कंपनीशी झालेल्या दीर्घ कराराचा गॅस येणं थांबलं आणि धंद्याला चांगलाच फटका बसला. शहरात गॅस वाटणाऱ्या कंपन्यांचं तर आणखी नाजूक. सरकारनं स्वस्त देशी गॅसचा कोटा कापला तेव्हा, 18 नोव्हेंबर 2024 ला, इंद्रप्रस्थ गॅसचा शेअर एका दिवसात जवळपास 20 टक्के पडला. महाराष्ट्र नॅचरल गॅसमध्ये निम्मा वाटा याच कंपनीचा आहे. धंदा वाईट नाही, पण 34 लाख अशा एका शेअरमध्ये घातले असते तर त्या रात्री तुम्हाला झोप लागली असती का?

मातीची ओढ असेल तर निफाडच्या भावंडांशी बोला. त्यांच्यातला कोणी आपला हिस्सा विकणार असेल, किंवा चार-पाच लाखांत वाट्याची जमीन एकत्र करून घेता येत असेल, तर इंडेक्स फंडांचा भाग कमी करून त्याला मी होकार देईन. तिथे पाणी आहे, माणसं ओळखीची आहेत, पट्टा नाही.

आणि एजंटनं फारच घाई केली, तुमचंही मन वळेनासं झालं, तरी तोंडी बोलीवर इसार देऊ नका. इसारपावतीत लिहून घ्या: सरकारी मोजणीत पट्टा 18 गुंठ्यांहून जास्त भरला, किंवा पट्ट्याबाहेर विहीर आणि घर बांधायला हरकत नसल्याचं कंपनीचं पत्र मिळालं नाही, तर इसार पूर्ण परत. विकणारा यावर सही करायला कचरला तर पुढचं बोलणं तिथेच थांबवा.